एक छत, एक चूल : कर्वेनगरातील बदलते घर

भारतीय कुटुंबाचा अभ्यास करणाऱ्या प्रत्येकाला एका व्याख्येपाशी थांबावेच लागते. इरावती कर्वे यांनी १९५३ साली प्रसिद्ध झालेल्या ‘किनशिप ऑर्गनायझेशन इन इंडिया’ या ग्रंथात एकत्र कुटुंबाची जी लक्षणे सांगितली, ती थोडक्यात अशी : साधारणपणे एका छताखाली राहणारी, एका चुलीवर शिजलेले अन्न खाणारी, सामाईक मालमत्ता असणारी, देवधर्मात एकत्र भाग घेणारी आणि विशिष्ट नात्यांनी परस्परांशी बांधलेली माणसे म्हणजे एकत्र कुटुंब. इरावतीबाई ज्यांच्या सून होत्या, त्या महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे नाव पुण्याच्या नैऋत्य भागात मुठा नदीकाठी वसलेल्या कर्वेनगराला मिळाले आहे. कोथरूड आणि वारजे यांच्या मधला, राजाराम पुलाने सिंहगड रस्त्याशी जोडलेला हा परिसर पूर्वी हिंगणे बुद्रुक म्हणून ओळखला जाई. आज तेथे बंगले, सहकारी गृहरचना संस्था, दाट वस्त्या, मुलींची वसतिगृहे आणि पुनर्विकासासाठी पत्रे ठोकलेल्या जुन्या इमारती एकमेकींना खेटून उभ्या आहेत. छत, चूल, मालमत्ता आणि देवघर या चार गोष्टींचे या परिसरात काय झाले, हे पाहत गेल्यास मराठी मध्यमवर्गीय घरातील मूल्ये कोणत्या वाटेने बदलली आणि कोठे अडून राहिली, याचा बराच उलगडा होतो.

मुळात हिंगण्याची वसाहत उभी राहिली, तीच एकत्र कुटुंबाच्या एका मोठ्या उणिवेतून. एकोणिसाव्या शतकातील उच्चवर्णीय विधवेच्या स्थितीला इरावतीबाईंची लक्षणे लावून पाहिली, तर ती उणीव स्पष्ट दिसते. तिला छत असे, परंतु ते सासर किंवा माहेर यांच्या मर्जीवर अवलंबून असे. चुलीशी तिचा संबंध रांधण्या-वाढण्यापुरता असे आणि स्वतःच्या पानात काय पडावे हे रूढी ठरवीत असे. मालमत्तेत तिला पोटगीपलीकडे फारसे काही नसे. आणि मंगलकार्यात तिचे दर्शनही अशुभ मानले जाई. म्हणजेच कुटुंबात राहूनही ती कुटुंबाची पूर्ण सदस्य नव्हती. विधवाविवाहाला मान्यता देणारा कायदा १८५६ सालीच झाला होता, तरीही असे विवाह तुरळकच होत. कर्वे यांनी ११ मार्च १८९३ रोजी पंडिता रमाबाईंच्या शारदा सदनात शिकणाऱ्या गोदूबाईंशी पुनर्विवाह केला, तेव्हा कोकणातील त्यांच्या मुरूड गावाने त्यांच्यावर बहिष्कार टाकला आणि त्याची झळ त्यांच्या वृद्ध आईलाही सोसावी लागली.

या अनुभवानंतर कर्वे यांच्या कार्याने जे वळण घेतले, ते या प्रकरणाच्या दृष्टीने महत्त्वाचे आहे. एकेका विवाहासाठी समाजाशी झगडण्यापेक्षा विधवेला स्वतःच्या पायावर उभे करणारी सोय निर्माण करावी, या विचाराने त्यांनी १८९६ साली अनाथ बालिकाश्रम मंडळी स्थापन केली. रावबहादूर गणेश गोविंद गोखले यांनी हिंगण्यातील सहा एकर जमीन आणि झोपडी बांधण्यासाठी ७५० रुपये दिले आणि १९०० साली आश्रम तेथे हलला. फर्ग्युसन महाविद्यालयात गणित शिकवून कर्वे रोज पायी हिंगण्याला जात. डोक्यावर छप्पर, पोटाला अन्न, हातात पुस्तक आणि पुढे शिक्षिकेची किंवा परिचारिकेची नोकरी, एवढी साधी साखळी जुळल्यावर विधवेने सन्मानाने जगावे हा विचार व्याख्यानातून बाहेर पडून व्यवहारात आला. कुटुंबातील मूल्ये उपदेशाने क्वचितच बदलतात. ती बदलण्यासाठी पर्यायी घर, पर्यायी कमाई किंवा पर्यायी कायदा उपलब्ध असावा लागतो, हा हिंगण्याचा धडा पुढील सव्वाशे वर्षांच्या प्रत्येक टप्प्यावर उपयोगी पडतो.

तथापि या सुधारणेची एक मर्यादाही नोंदवली पाहिजे. जपानमधील महिला विद्यापीठाच्या माहितीपुस्तिकेवरून स्फूर्ती घेऊन कर्वे यांनी १९१६ साली हिंगण्यात महिला विद्यापीठ सुरू केले, तेव्हा मातृभाषेतून शिक्षण हे त्याचे धोरण दूरदृष्टीचे होते. पण गृहव्यवस्था आणि आरोग्य या विषयांना त्यात दिलेल्या स्थानामागे शिकलेली स्त्री ही अखेर अधिक चांगली गृहिणी आणि माता होईल, ही अपेक्षाही होती. स्त्रीला घराबाहेर पडण्याची वाट मिळाली, मात्र घरातील चूल कोणाची हा प्रश्न तसाच राहिला. आश्रमाच्या परंपरेतून वाढलेल्या आणि आज महर्षी कर्वे स्त्री शिक्षण संस्था या नावाने ओळखल्या जाणाऱ्या संस्थेने १९९१ साली कर्वेनगरात मुलींसाठी कमिन्स अभियांत्रिकी महाविद्यालय सुरू केले. विधवांच्या झोपडीपासून संगणक अभियंत्यांच्या वर्गापर्यंतचा हा प्रवास एकाच संस्थेच्या कारकिर्दीत झाला, ही गोष्ट कोणाही मराठी माणसाला अभिमान वाटावी अशीच आहे. चुलीचा प्रश्न मात्र या अभियंत्या नोकरीला लागल्या, लग्न करून याच परिसरातील सदनिकांमध्ये राहू लागल्या, तेव्हा पुन्हा उभा राहिला.

त्याकडे वळण्यापूर्वी छताविषयी रूढ असलेला एक गैरसमज दूर करणे आवश्यक आहे. पूर्वी सगळी कुटुंबे एकत्र होती आणि शहरीकरणाने ती फुटली, असे सर्रास म्हटले जाते. समाजशास्त्रज्ञ ए. एम. शहा यांनी १९७३ सालच्या आपल्या ग्रंथात ‘घर’ आणि ‘कुटुंब’ यांत फरक केला. घर म्हणजे एकत्र राहणारा आणि जेवणारा गट, तर कुटुंब म्हणजे नात्यांचे त्याहून मोठे जाळे; आणि जुन्या काळीही बहुसंख्य घरे लहानच असत, असे त्यांच्या मांडणीतून दिसते. आयुर्मान कमी असताना तीन पिढ्या एकाच वेळी हयात असणे हीच फार कमी घरांना लाभणारी गोष्ट होती. त्याआधी आय. पी. देसाई यांनी गुजरातमधील महुवा गावाच्या अभ्यासातून असे दाखवले होते की वेगवेगळ्या छतांखाली राहणारे भाऊ पैसा, सल्ला आणि कर्तव्य यांच्या बाबतीत एकत्रच असू शकतात.

कर्वेनगराची वाढ पाहताना हा फरक फार उपयोगी पडतो. पेठांमधील वाड्यांत भाडेकरूंची बिऱ्हाडे दाटीने राहत. १२ जुलै १९६१ रोजी पानशेत धरण फुटून आलेल्या पुराने नदीकाठचे कित्येक वाडे नष्ट केले आणि शहराने नदीच्या वरच्या अंगाला व टेकड्यांच्या दिशेने हातपाय पसरण्याला वेग आला. पुढील दशकांत बँका, शासकीय कार्यालये आणि कारखाने यांतील नोकरदारांनी सहकारी संस्था काढून भूखंड घेतले, नंतर सदनिका आल्या. दोन खोल्या आणि स्वयंपाकघर एवढ्या जागेत आईवडील, मुलगा, सून आणि नातवंडे मावत नाहीत, म्हणून मुलाने जवळच दुसरी सदनिका घ्यावी, शक्य झाल्यास त्याच सोसायटीत किंवा समोरच्या गल्लीत, ही रीत आता कर्वेनगरात सर्वपरिचित आहे. जपानमध्ये आईवडिलांच्या घरापासून सूप गार न होता नेता येईल एवढ्या अंतरावर राहावे, असे म्हणण्याचा प्रघात आहे. कर्वेनगरात त्याच अंतरावरून आमटीचा डबा, नातवंड आणि औषधांची चिठ्ठी ये-जा करतात. छत दोन झाले, पण शहांच्या अर्थाने कुटुंब एकच राहिले. या व्यवस्थेतील सासू-सुनांचे संबंध एका छताखालील संबंधांपेक्षा अनेकदा अधिक मोकळे असतात, ही बाब कुटुंब तुटल्याचा शोक करणाऱ्यांनी लक्षात घ्यायला हवी.

मुले परदेशी असलेल्या घरांची गोष्ट निराळी आहे. तीही या परिसराला अगदी नवी नाही, कारण कर्वे यांचे पुत्र डॉ. शंकर हे पूर्व आफ्रिकेत स्थायिक झाले होते आणि संस्थेसाठी निधी गोळा करण्यास वृद्ध कर्वे दांपत्य त्या खंडात गेले होते. पूर्वी अपवाद असलेली ही स्थिती संगणक उद्योगाच्या वाढीनंतर सोसायटीच्या प्रत्येक मजल्यावर दिसू लागली, एवढाच फरक.

चुलीतील बदल सर्वांत खोल आहे, आणि त्याची चर्चा मात्र सर्वांत कमी झाली आहे. गॅस, कुकर, मिक्सर आणि शीतकपाट यांनी स्वयंपाकाचे कष्ट हलके केले, तरी स्वयंपाकाची जबाबदारी जिच्या डोक्यावर होती तिच्याच डोक्यावर राहिली. केंद्र सरकारच्या २०१९ सालच्या वेळ-वापर सर्वेक्षणात, म्हणजे माणसे दिवसाचे चोवीस तास कशात घालवतात याच्या देशव्यापी पाहणीत, घरच्यांसाठी बिनमोल घरकाम करणाऱ्या स्त्रियांचा त्यात जाणारा रोजचा सरासरी वेळ २९९ मिनिटे, तर पुरुषांचा ९७ मिनिटे आढळला. आणि असे काम करणाऱ्यांचे प्रमाणच स्त्रियांत सुमारे ८१ टक्के, तर पुरुषांत जेमतेम २६ टक्के होते. हे आकडे सगळ्या देशाचे आहेत आणि शिकलेल्या शहरी घरांत चित्र काहीसे बरे असेल, असे मानले तरीही पहाटे डबा काय द्यायचा, दूध संपले का, पाहुणे कधी येणार, मुलाच्या शाळेत काय न्यायचे आहे, या सगळ्याची नोंद मनात ठेवण्याचे काम बहुधा एकाच व्यक्तीकडे असते. हे काम कोणत्याही घड्याळात मोजले जात नाही आणि म्हणूनच त्याची वाटणीही होत नाही. नवरा भाजी आणतो, कुकर लावतो, तेव्हा त्याला ‘मदत’ म्हटले जाते. मदत ही दुसऱ्याच्या कामात केली जाते, हे त्या बोलण्यात गृहीतच असते.

नोकरदार दांपत्यांनी या अडचणीतून जो मार्ग काढला, तो घरातल्या घरात कामाची फेरवाटणी करण्याचा नसून काम बाहेरच्या हातांकडे सोपवण्याचा होता. कर्वेनगरातील कितीतरी घरांचा दिवस आता पोळ्यांच्या मावशी येतात त्या वेळेभोवती फिरतो. धुण्याभांड्याला एक बाई, पोळ्यांना दुसरी, भाजीसाठी कधी पोळीभाजी केंद्र, मुलांसाठी पाळणाघर, आणि बाहेरगावाहून शिकायला आलेल्या, कॉट बेसिसवर राहणाऱ्या मुलींसाठी मेसचा डबा, अशी एक संपूर्ण खाद्यव्यवस्था या गल्ल्यांत उभी राहिली आहे. मुंबईत गिरणी कामगारांना जेवण घालणाऱ्या खानावळवाल्या स्त्रियांना प्रेमा पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळाच्या रूपाने संघटित केले, तेव्हा रांधण्याचे काम ही कमाई असू शकते याला सार्वजनिक मान्यता मिळू लागली होती. आज ‘एका चुलीवर शिजलेले अन्न’ ही कसोटी लावायची ठरवली, तर एकाच पोळ्यांच्या मावशींच्या हातचे जेवणारी पाचसहा बिऱ्हाडे एक कुटुंब ठरतील.

मात्र तसे कोणी मानत नाही, आणि या व्यवस्थेतील खरा पेच तेथेच आहे. कर्वेनगर आणि वारजे यांच्या वस्त्यांतून सकाळी कामावर निघणाऱ्या स्त्रीने स्वतःच्या घरची चूल त्याआधीच पेटवून विझवलेली असते. सोसायटीतील स्त्रीला मिळालेला कार्यालयातला दिवस या दुसऱ्या स्त्रीच्या पहाटेवर उभा असतो. पुण्यातील मोलकरणींनी १९८० साली संप करून पगार, रजा आणि माणुसकीची वागणूक यांची मागणी केली आणि त्यातून पुणे शहर मोलकरीण संघटना आकाराला आली. महाराष्ट्र शासनाने घरेलू कामगारांच्या कल्याण मंडळाचा कायदा केला तो २००८ साली, म्हणजे अठ्ठावीस वर्षांनी. एवढ्या कालावधीत मध्यमवर्गीय घरांतील स्त्रियांसाठी कितीतरी दारे उघडली. आठवड्याची हक्काची सुट्टी, आजारपणाची भरपगारी रजा आणि लिफ्ट वापरण्याची मुभा या गोष्टी घरकाम करणाऱ्या स्त्रीला अनेक ठिकाणी आजही मालकिणीच्या स्वभावावर सोडलेल्या आहेत. हिंगण्याच्या आश्रमासाठी आयुष्य वेचणाऱ्या पार्वतीबाई आठवले अमेरिकेत गेल्या, तेव्हा तेथे राहण्याखाण्याची सोय व्हावी म्हणून त्यांनी परक्या घरांतून घरकाम केले होते. ज्या परिसराच्या पायाभरणीतच हा अनुभव आहे, तेथे या कामाला अधिक मान मिळायला हवा होता, असे म्हटल्यावाचून राहवत नाही.

मालमत्तेच्या बाबतीत बदलाचे पाऊल कायद्याने उचलले. १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्याने मुलीला वडिलांच्या स्वतंत्र मालमत्तेत वाटा दिला, पण वडिलोपार्जित सामाईक मालमत्तेत जन्माने मिळणारा हक्क मुलांपुरताच ठेवला. महाराष्ट्राने १९९४ साली स्वतःची दुरुस्ती करून अविवाहित मुलींना तो हक्क दिला. ९ सप्टेंबर २००५ पासून केंद्रीय कायद्याने सर्व मुलींना दिला. आणि वडील त्या दिवशी हयात असोत वा नसोत, मुलीचा हक्क जन्मसिद्धच आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२० मध्ये विनीता शर्मा खटल्यात स्पष्ट केले. तरीही गावाकडच्या जमिनीचा विषय निघाला की बहिणीने भावांच्या नावे हक्कसोडपत्र करून द्यावे, ही अपेक्षा सुशिक्षित घरांतही टिकून आहे, आणि माहेर तुटू नये म्हणून अनेकजणी ते करूनही देतात. शहरातील सदनिकेची गोष्ट वेगळी आहे. ती बहुधा पगार आणि कर्ज यांतून घेतलेली, म्हणजे स्वकष्टार्जित असते, तिचे मृत्युपत्र मालकाला हवे तसे करता येते, आणि म्हणून तेथे जन्मसिद्ध हक्काचा प्रश्न सहसा उद्भवतच नाही. नवराबायको दोघांच्या नावाचे गृहकर्ज हीच आता नव्या घराची सामाईक मालमत्ता आहे. स्त्रीच्या नावे घर घेतल्यास मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत देण्याचा राज्य शासनाचा २०२१ चा निर्णय यामुळेच परिणामकारक ठरू शकतो.

अपत्यांच्या संख्येत झालेला बदल तर या परिसराच्या नावाशी थेट जोडलेला आहे. कर्वे यांचे ज्येष्ठ पुत्र रघुनाथ यांनी १९२१ साली मुंबईत संततिनियमन केंद्र काढले, त्यासाठी प्राध्यापकाची नोकरी गमावली आणि १९२७ पासून १९५३ मध्ये मृत्यू येईपर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ मासिक चालवले, त्यापायी खटलेही सोसले. त्यांना ज्या विचारासाठी तिरस्कार सहन करावा लागला, तो आज सर्वमान्य आहे : २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार महाराष्ट्राचा प्रजनन दर, म्हणजे एका स्त्रीला आयुष्यात होणाऱ्या अपत्यांची सरासरी, १.७ एवढा आहे. एकुलत्या एका मुलीच्या आईवडिलांची जबाबदारी कोणाची, हा प्रश्न या आकड्यातून आपोआप निर्माण होतो, आणि मुलीच्या घरचे पाणीही पिऊ नये असे मानणाऱ्या पिढीची मुले आज सासूसासऱ्यांना निःसंकोच आपल्या घरी आणतात.

देवघरात बदल अधिक शांतपणे झाले. कुलधर्म आणि गौरी-गणपती भावाभावांनी वाटून घेतले, पण ते सोडले नाहीत. स्वतंत्र राहणारे भाऊ वर्षातून एकदा एका देव्हाऱ्यासमोर जमतात, हा इरावतीबाईंच्या लक्षणांपैकी सर्वाधिक टिकलेला धागा म्हणता येईल. शंकरराव थत्ते यांनी १९७०च्या दशकात पुण्यात स्त्रियांना पौरोहित्य शिकवण्यास आरंभ केला, ज्ञानप्रबोधिनीनेही स्त्रिया आणि सर्व जातींच्या व्यक्तींना ते शिक्षण दिले, आणि आता वास्तुशांतीला स्त्री पुरोहित येणे पुण्यात कोणाला नवलाचे वाटत नाही. त्या मानाने विधवेच्या कुंकवाचा प्रश्न फार हळू हलला. कोल्हापूर जिल्ह्यातील हेरवाड ग्रामपंचायतीने ४ मे २०२२ रोजी पतीच्या निधनानंतर बांगड्या फोडणे, कुंकू पुसणे, मंगळसूत्र काढणे या प्रथा बंद करण्याचा ठराव केला आणि शासनाने त्याच महिन्यात परिपत्रक काढून इतर ग्रामपंचायतींना त्याचे अनुकरण करण्यास सांगितले. हिंगण्याच्या झोपडीनंतर १२२ वर्षांनी असा ठराव एका लहान गावाला करावा लागला, आणि शहरातील अनेक हळदीकुंकवांत आजही विधवा शेजारीण निमंत्रितांच्या यादीतून गळते, यावरून ज्या प्रथेला पर्यायी रीत कोणी घालून दिली नाही ती किती चिवट असते, हे कळते.

वार्धक्य हा या सर्व बदलांचा सध्याचा कसोटीचा प्रदेश आहे. जोडीदार गेलेल्या ज्येष्ठांना उतारवयात सोबत मिळावी म्हणून माधव दामले यांनी २०१२ साली पुण्यात ज्येष्ठ नागरिकांसाठी ‘लिव्ह-इन रिलेशनशिप’ मंडळ सुरू केले, तेव्हा १८९३ सालच्या पुनर्विवाहाला गावाने केलेल्या विरोधाच्या जागी आता पोटच्या मुलांचा विरोध उभा राहतो, असे दिसून आले, आणि त्या विरोधामागे लोकलज्जेइतकाच मालमत्तेच्या वाटणीचा विचार असतो. जे एकटे राहतात, त्यांच्यासाठी ‘ब्युरोच्या बाई’, म्हणजे रुग्णसेवा पुरवणाऱ्या संस्थेमार्फत बारा किंवा चोवीस तासांसाठी येणारी सेविका, हे नवे पात्र कर्वेनगरातील घरात आले आहे. ती आजोबांना आंघोळ घालते, आजींच्या गोळ्यांच्या वेळा सांभाळते आणि परदेशातील मुलाला रोज संध्याकाळी व्हिडिओ कॉलवर वृद्धांचा चेहरा दाखवते. आईवडील व ज्येष्ठ नागरिक यांच्या चरितार्थाबाबतच्या २००७ च्या कायद्याने निर्वाहाची जबाबदारी मुलगा, मुलगी आणि सज्ञान नातवंडे यांच्यावर टाकली असून त्यासाठी न्यायाधिकरणे नेमली आहेत. त्यांच्यामार्फत दरमहा निर्वाहरक्कम ठरवून मिळू शकते. घास भरवणे, कूस बदलून देणे आणि रात्री उठून बसणे ही कामे मात्र प्रत्यक्षात सून किंवा ही पगारी सेविका करते, आणि ‘अपत्ये’ या शब्दाच्या त्या कायद्यातील व्याख्येत या दोघींपैकी एकीचाही उल्लेख नाही.